मूकपटांतली खोडी पळवू नका, पूर्ण दाखवा

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

शाळांना सुट्ट्या लागल्या की वाचनालयं, सोसायट्या आणि बालवर्ग चालवणाऱ्या संस्था मुलांसाठी मूकपटांचे खेळ लावतात. प्रोजेक्टर भाड्याने सहज मिळतो, शंभर वर्षांपूर्वीचे चित्रपट इंटरनेटवर फुकट उपलब्ध आहेत, भाषेची अडचण नाही आणि मुलंही खदखदून हसतात. ही प्रथा वाढावी असंच आम्हांला वाटतं. पण बहुतेक ठिकाणी चित्रपट ज्या तऱ्हेने दाखवले जातात, त्यात त्यांचा जीवच जातो. पडद्यावरची माणसं तुरुतुरु पळतात, कोणाचं डोकं कापलेलं असतं तर कोणाचे पाय, आणि वर सतत शिट्ट्या-झांजांचं संगीत आदळत असतं. मुलं हसतात ती या धावपळीला. खोडी कोणी काढली, कोणाची काढली आणि मार कोणी खाल्ला, हे त्यांच्या नजरेत भरतच नाही. या चित्रपटांतला खरा विनोद मात्र तिथेच आहे. म्हणून खेळ लावणाऱ्यांच्या उपयोगी पडतील अशा काही गोष्टी आपल्या वृत्तपत्रातून मांडत आहोत.

सुरुवात फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंनी १८९५ मध्ये काढलेल्या माळ्याच्या लघुपटापासून करू. २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसच्या ग्राँ कॅफेच्या तळघरात एक फ्रँक तिकीट लावून जे दहा लघुपट दाखवले गेले, त्यांत हा होता. माळी रबरी नळीने झाडांना पाणी घालतो आहे. एक पोरगा मागून येतो आणि नळीवर पाय देतो. पाणी थांबतं. माळी नळीचं तोंड डोळ्यांसमोर धरून आत पाहतो. पोरगा पाय उचलतो, फवारा माळ्याच्या तोंडावर बसतो आणि त्याची टोपी उडते. पोरगा पळतो, माळी त्याला गाठतो, ओढत पुन्हा कॅमेऱ्यासमोर आणतो, ढुंगणावर फटके देतो आणि परत पाणी घालायला लागतो. एवढं सगळं ५० सेकंदांच्या आत.

यात एक जागा मुलांना थांबवून दाखवण्यासारखी आहे. माळ्याने पोराला पकडलं ते मागे, झाडांकडे. मार तिथल्या तिथे देता आला असता. पण कॅमेरा तिवईवर एका जागी पक्का. तो वळणार नाही, पुढे सरकणार नाही. म्हणून माळी पोराला मुद्दाम पुढे घेऊन येतो. मार प्रेक्षकांसमोरच बसला पाहिजे, हे त्या काळीही ठरवूनच केलेलं होतं. आपण पाहतो तो सहज टिपलेला प्रसंग नव्हे, बसवलेलं नाटुकलं आहे. आणि माळ्याचं काम करणारा फ्रान्स्वा क्लेर हा ल्युमिएर कुटुंबाच्या बागेतला खरोखरचा माळी होता. बाग मालकाची, कॅमेरा मालकाचा, आणि भिजणारा माणूस मालकाचा नोकर. १८९६ साली मार्सेलँ ओझोल याने केलेल्या जाहिरातीच्या चित्रात हाच प्रसंग पडद्यावर दाखवला आहे आणि समोरची मंडळी हसते आहे. फजिती कष्टकऱ्याची, हसणारे तिकीट काढून आलेले, हे नातं पहिल्याच विनोदी चित्रपटात ठळक आहे.

हा विनोद ल्युमिएर यांना सुचला असंही नाही. १८८७ मध्ये हेर्मान फोगेल याने तो चित्रांच्या मालिकेत काढला होता, आणि मुलांसाठी छापल्या जाणाऱ्या चित्रपत्रांतून तो फ्रान्सभर माहीत होता. हे सांगायचं कारण असं की आवाज नसलेल्या ५० सेकंदांच्या चित्रपटाला ओळखीची गोष्ट लागते. पोरगा खोडी का काढतो हे सांगत बसायला वेळच नाही. पोरगा म्हटला की खोडी आलीच, हे प्रेक्षक घरूनच घेऊन आलेला असतो. १९०० च्या आसपासच्या विनोदी लघुपटांत पोरांचा इतका सुळसुळाट दिसतो तो यामुळेच. मोठ्या माणसाने नळीवर पाय दिला असता तर त्याचं माळ्याशी काय वैर आहे ते दाखवावं लागलं असतं.

आता वेगाकडे येऊ, कारण सगळ्यात जास्त नासधूस तिथे होते. ल्युमिएर यांचा कॅमेरा हाताने हँडल फिरवून चालायचा. एका फेऱ्याला आठ चौकटी (म्हणजे फिल्मच्या पट्टीवरची आठ सुटी चित्रं), सेकंदाला दोन फेरे, म्हणजे सेकंदाला १६ चौकटी. पट्टीची लांबी सुमारे १७ मीटर, म्हणजे साधारण ८०० ते ९०० चौकटी. बोलपट आल्यावर आवाजासाठी वेग सेकंदाला २४ वर पक्का झाला आणि आजची बहुतेक यंत्रं त्याच हिशेबाने चालतात. आता १६ ने काढलेली पट्टी २४ ने चालवली की प्रत्येक हालचाल दीडपट वेगाने होते. ८०० चौकटींचा, ५० सेकंदांचा चित्रपट ३३ सेकंदांत संपतो. हजार फुटांचं रीळ १६ ने चालवलं तर पावणेसतरा मिनिटं पुरतं, २४ ने चालवलं तर अकरा मिनिटांत खलास.

नुकसान नुसतं वेळेचं नाही. खोडीच्या विनोदाचे दोन भाग असतात: आधी तयारी, मग फजिती. हसू पिकतं ते या दोहोंमधल्या थांब्यात. माळी नळीत डोकावतो तेव्हा पुढे काय होणार हे आपल्याला कळलेलं असतं आणि त्याला कळलेलं नसतं. तो थांबा दोन सेकंदांचा असेल तर वेग वाढल्यावर सव्वा सेकंदाहून जरासाच जास्त उरतो, आणि लहान मुलाला तेवढ्या वेळात नळीवरचा पाय दिसत नाही. मग त्याला फक्त एक माणूस भिजलेला दिसतो.

वेग बरोबर आहे की नाही हे ओळखण्याची उत्तम खूण म्हणजे पडणाऱ्या वस्तू. माणूस भराभर चालू शकतो, नट मुद्दाम झपझप वागू शकतो. पण पाण्याच्या थेंबाला अभिनय करता येत नाही. नळीतून उडालेलं पाणी, खाली पडणारी टोपी, वाऱ्यावर हलणारी फांदी, घागऱ्याचा घेर यांच्याकडे पाहा. पाणी झटका दिल्यासारखं खाली आपटत असेल तर वेग जास्त आहे. पाणी मधासारखं ओघळत असेल तर कोणीतरी गरजेपेक्षा जास्त मंद केलं आहे.

प्रत्यक्ष करायचं ते असं. फाइल संगणकावर व्हीएलसीसारख्या प्रोग्रॅममध्ये उघडा, थांबवा, आणि ‘ई’ची कळ एकेकदा दाबत पुढे जा, प्रत्येक दाबण्याला एक चौकट पुढे सरकते. कोणी चालत असेल किंवा हात हलवत असेल अशी जागा निवडा. एका सेकंदात खरोखर वेगळी अशी किती चित्रं येतात ते मोजा. चित्रं १६ ते २० भरली आणि मधूनमधून तेच चित्र पुन्हा आलं, तर त्या प्रतीचा वेग कोणीतरी आधीच दुरुस्त केलेला आहे; तिला हात लावू नका. चोवीसच्या चोवीस चित्रं वेगळी असतील आणि चित्रपट १९१५ च्या आधीचा असेल, तर तो जवळजवळ नक्कीच पळवलेला आहे. अशा वेळी प्रोग्रॅममधला वेग ०.६७ करा, म्हणजे १६ चौकटींचा हिशेब जुळतो. १८ साठी ०.७५, २० साठी ०.८३. फाइल सेकंदाला २५ चौकटींची असेल तर १६ साठी ०.६४ आणि १८ साठी ०.७२. फाइल तिसाची असेल तर दर पाचवं चित्र दुसऱ्यांदा आलेलं दिसू शकतं; ती दुरुस्ती नव्हे, चोवीसचे तीस करताना पडलेली भर आहे. म्हणून पुनरावृत्ती शोधण्यापेक्षा वेगळी चित्रं मोजणं खात्रीचं. काही प्रतींत दोन चित्रं एकमेकांवर चढलेली, भुतासारखी पुसट दिसतात. त्यांचा वेग काही केल्या नीट होत नाही. तिथे दुसरी प्रत शोधणं हाच उपाय.

सगळे मूकपट १६ ने चालवा असंही कोणी समजू नये. कॅमेरा फिरवणारे कारागीर मारामारी किंवा पाठलाग असला की हँडल मुद्दाम सावकाश फिरवत, म्हणजे पडद्यावर पळापळ जोरात दिसे. १९२० नंतर तर २० ते २४ चा वेग सर्रास होता. चॅप्लिनचा पाठलाग रस्त्यावरच्या माणसाच्या चालीइतका संथ केला तर तोही मरतो. एक आणखी: मूकपटाच्या काळातही पडदा लुकलुकू नये म्हणून प्रोजेक्टरच्या झडपेला तीन पाती असत, १६ चौकटी गुणिले तीन म्हणजे सेकंदाला ४८ वेळा प्रकाश. जुने चित्रपट मुळातच लुकलुकणारे आणि धक्के खाणारे होते, हा समज चुकीच्या यंत्रांवर चुकीच्या वेगाने पाहून झालेला आहे.

दुसरी नासधूस चौकटीची. मूकपटाच्या चौकटीच्या रुंदी-उंचीचं प्रमाण चारास तीन. आजचा पडदा सोळास नऊ. चित्र पडदाभर दिसावं म्हणून ते मोठं केलं की उंचीचा पाव भाग वरून-खालून कापला जातो. ताणून बसवलं तर माणसं तिसऱ्या हिश्श्याने जाड होतात. कापलेला पाव भाग कोणता, याचा विचार करा. मोठा माणूस आणि लहान मूल एकाच चौकटीत पायापासून डोक्यापर्यंत उभे आहेत. वर जाते ती मोठ्याची टोपी, खाली जातो तो पोराचा पाय. माळ्याच्या चित्रपटात नळीवरचा पाय चौकटीच्या खालच्या भागात आहे. तो कापला की पाणी आपोआप थांबलं आणि आपोआप सुटलं, एवढंच उरतं. टोपीचं मोल तर त्याहून जास्त. पेशवाईच्या चित्रात पगडी आणि मुंडासं पाहून आपण माणूस ओळखतो, तसा युरोप-अमेरिकेचा प्रेक्षक टोपीवरून माणूस ओळखत होता: उंच काळी टोपी श्रीमंताची, गोल कडक टोपी कारकुनाची किंवा तसं दिसू पाहणाऱ्याची, चपटी टोपी कामगाराची, गवती टोपी माळ्याची. आवाज नसताना वर्ग सांगायचा तो टोपीने, आणि फजितीत सगळ्यांत आधी उडते तीही टोपीच.

यावरचा उपाय सोपा आहे. चित्राचं प्रमाण चारास तीन ठेवा आणि दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या राहू द्या. आठ फूट रुंदीच्या आणि साडेचार फूट उंचीच्या पडद्यावर चित्र सहा फूट रुंद येईल, ते पुरेसं आहे. मुलं सतरंजीवर बसणार असतील तर चित्राची खालची कड जमिनीपासून साडेतीन फुटांच्या खाली येऊ देऊ नका, नाहीतर पुढच्यांच्या डोक्यांआड तोच पाय पुन्हा नाहीसा होतो.

कार्यक्रम कोणत्या क्रमाने लावावा याबद्दल आमचं मत ठाम आहे: फजिती कोणाची होते हे पाहत पाहत पुढे जावं. माळ्यानंतर जॉर्ज ऑल्बर्ट स्मिथ याचा पीठवाला आणि धुराडं साफ करणारा यांच्या झटापटीचा १८९७ च्या सुमाराचा इंग्रजी लघुपट घ्या. एकाकडे पिठाचं पोतं, दुसऱ्याकडे काजळीचं. दोघे एकमेकांना धोपटतात, पांढरा काळा होतो, काळा पांढरा होतो, आणि अचानक कुठूनशी माणसं येऊन त्यांच्यामागे धावत सुटतात. एक मिनिटाच्या आतला खेळ आहे. दोघेही कष्टकरीच, आणि त्यांच्या धंद्याची खूण हेच त्यांचं हत्यार. त्यानंतर त्याच स्मिथचा १९०३ चा मेरी जेन नावाच्या मोलकरणीचा चित्रपट, साधारण चार मिनिटांचा. मेरी जेन बुटाला पॉलिश करता करता ओठांवर मिशी ओढते, थेट आपल्याकडे पाहून डोळा मिचकावते, मग चूल पेटेना म्हणून तिच्यात रॉकेल ओतते आणि धुराड्यातून वर उडते. लॉरा बेली हिने हे काम केलं आहे. मिशीच्या वेळी कॅमेरा जवळ येतो आणि स्फोटाच्या वेळी लांब जातो. १९०३ मध्ये ही कमाल होती. मुलांना शेवट सांगताना रॉकेल आणि चूल याबद्दल दोन शब्द जरूर बोला.

इथपर्यंत मार खाणारे सगळे खालच्या पायरीवरचे आहेत. माळी, पीठवाला, धुराडं साफ करणारा, मोलकरीण. खोडी वरच्या पायरीवर चढायला लागते ती पुढच्या दहा-पंधरा वर्षांत. फ्रान्समध्ये दिग्दर्शक लुई फेय्याद याने गोमाँ कंपनीसाठी १९१० पासून ‘बेबे’ची मालिका काढली. बेबे हा बऱ्या घरचा, नीटनेटक्या कपड्यांतला मुलगा. घर त्याचं, नोकर त्याचे, म्हणून खोडी घरातल्या घरात. १९१२ मध्ये त्याच मालिकेत रस्त्यावरचं एक पोर आलं, बू-द-झाँ. मोठ्या माणसासारखे ढगळ कपडे, मोठ्या माणसासारखी ऐट. लवकरच त्याची स्वतंत्र मालिका झाली आणि ती १९१६ पर्यंत चालली. रेने पोयाँ हा पोर-नट हे काम करी. दोन्ही पोरांचा एकेक लघुपट लागोपाठ लावला तर मुलांना काही समजवावं लागत नाही. एकाला खोडी परवडते आणि दुसऱ्याला ती करून पोट भरावं लागतं, हे त्यांचं त्यांना दिसतं.

अमेरिकेत ७ फेब्रुवारी १९१४ रोजी कॅलिफोर्नियाच्या व्हेनिस गावातल्या मुलांच्या गाड्यांच्या शर्यतीचा एक छोटा चित्रपट लागला. भटक्याच्या वेशातला चॅप्लिन प्रेक्षकांना पहिल्यांदा दिसला तो यात. शर्यत खरी, गर्दी खरी. मुलं उतारावरून गाड्या सोडताहेत आणि एक माणूस सारखा कॅमेऱ्यासमोर येऊन उभा राहतो. दिग्दर्शक हेन्री लेहरमन त्याला पुनःपुन्हा ढकलून बाजूला करतो. इथे मुलं शिस्तीत आहेत आणि वांडपणा करतोय तो मोठा माणूस. त्याचा वेश मुलांना वरून खाली पाहायला सांगा: गोल टोपी, तंग कोट आणि काठी साहेबाची, ढगळ विजार आणि फाटके बूट उपाशी माणसाचे. एकाच अंगावर दोन वर्ग.

मग चॅप्लिनचाच १९२१ चा ‘द किड’. यातला काचेचा प्रसंग या सगळ्या विषयाचा कळस आहे असं आम्ही मानतो. जॅकी कूगन हा पोरगा दगड मारून खिडकीची काच फोडतो, आणि थोड्याच वेळात चॅप्लिन पाठीवर काचा बांधून तिथून ‘सहज’ जातो. खोडी आता खोडी राहिली नाही, दोघांचा रोजगार झाली. पुढच्या खिडकीशी पोरगा दगड मारायला हात मागे नेतो आणि तो हात मागे उभ्या असलेल्या पोलिसाला लागतो. पोरगा वळून पाहत नाही. आधी हाताने चाचपतो. मग दगड नुसता वर उडवून झेलल्यासारखं करतो, टाकून देतो आणि काढता पाय घेतो. चाचपण्याची ती जेमतेम सेकंदभराची हालचाल म्हणजे सगळा विनोद. वेग वाढवलात तर ती दिसत नाही, वरून कापलंत तर पोलीस बिनडोक्याचा होतो. या चित्रपटाच्या दोन आवृत्त्या फिरतात. मूळची सुमारे ६८ मिनिटांची, आणि चॅप्लिनने १९७१ मध्ये स्वतः कापून, स्वतःचं संगीत घालून काढलेली सुमारे ५३ मिनिटांची. दुसरीचा वेग अजिबात बदलू नका, संगीत बेसूर होईल.

कूगनबद्दल मोठ्या मुलांना आणखी एक सांगावं. त्याने लहानपणी कमावलेले पैसे आईवडिलांनी खर्चून टाकले. १९३८ मध्ये त्याने त्यावर दावा लावला आणि १९३९ मध्ये कॅलिफोर्नियात बालकलाकारांच्या कमाईचा हिस्सा राखून ठेवणारा कायदा झाला. पडद्यावरचं पोर कामावर आलेलं असतं, हे मुलांना कळलेलं बरं.

अमेरिकी निर्माता हॅल रोच याची पोरांच्या टोळीची मालिका १९२२ मध्ये सुरू झाली. तिच्यातल्या पहिल्या प्रदर्शित लघुपटात एक धनाढ्य बाई नाव मिळवण्यासाठी गरीब पोरांना आपल्या वाडीवर सहलीला नेते आणि पोरं तिची दाणादाण उडवतात. माळ्यापासून निघालेलं पाणी सत्तावीस वर्षांत बाईसाहेबांपर्यंत पोचलं. मात्र या मालिकेत गोरी-काळी मुलं एकत्र खेळतात हे जितकं खरं, तितकंच काळ्या मुलांच्या रंगावरचे हिणकस विनोदही त्यात आहेत हे खरं. लघुपट आधी पूर्ण पाहिल्याशिवाय लावू नका.

मेरी पिकफर्ड या नटीचा १९१७ चा ‘द पूअर लिटल रिच गर्ल’ याच रांगेत बसतो. २४ वर्षांची पिकफर्ड अकरा वर्षांची मुलगी वाटावी म्हणून दिग्दर्शक मॉरिस तुर्नर याने दारं, खुर्च्या मुद्दाम मोठ्या करून घेतल्या आणि भोवती उंच नट उभे केले. श्रीमंत घरातली एकटी पोर नळ दुरुस्त करणाऱ्याला आणि रस्त्यावरच्या बाजेवाल्याला घरात घेते, गावच्या पोरांबरोबर चिखलफेक करते. हा भाग अप्रतिम आहे. उत्तरार्धात नोकर तिला झोपेचं औषध जास्त पाजतात आणि ती मरणाच्या दारात जाते. आठ वर्षांखालच्या मुलांना पूर्वार्धच दाखवावा.

मोठ्या मुलांसाठी शेवटचा चित्रपट म्हणून यासुजिरो ओझूचा १९३२ चा ‘जन्मलो खरा, पण...’ घ्यावा. जपानमध्ये पडद्याशेजारी बसून गोष्ट सांगणारे कथक लोकप्रिय होते, म्हणून तिथे मूकपट इतका टिकला. दोन भाऊ नव्या उपनगरात येतात, शाळा चुकवतात, शिक्षकाचा शेरा दुकानाच्या पोऱ्याकडून लिहून घेतात, ताकद यावी म्हणून चिमणीची अंडी खातात आणि टोळीतल्या पोरांवर हुकमत बसवतात. मग वडिलांच्या साहेबाच्या घरी हौशी चित्रपट दाखवले जातात, आणि पडद्यावर त्यांचेच वडील साहेबाला खूष करण्यासाठी तोंडं वेडीवाकडी करताना दिसतात. खोलीतली मोठी माणसं हसतात. दोन्ही पोरांचं हसू जातं. घरी येऊन ती बापाला विचारतात, त्या माणसापुढे वाकता कशाला. तो पगार देतो म्हणून, हे उत्तर त्यांना पटत नाही आणि ती जेवण सोडतात. इथे फजिती पोरांनी केलेली नाही. बापाने स्वतःच स्वतःची करून घेतलेली त्यांनी पाहिली आहे.

या सगळ्यात आपला स्वतःचा चित्रपट विसरला जातो याचं आम्हांला फार वाईट वाटतं. दादासाहेब फाळके यांचा १९१९ चा ‘कालिया मर्दन’. कृष्णाचं काम त्यांची मुलगी मंदाकिनी हिने केलं आहे. सुरुवातीला सात वर्षांच्या मुलीचे मुद्राभाव अशी पाटी येते, आणि मंदाकिनी कॅमेऱ्याकडे तोंड करून एकामागून एक भाव दाखवते. मग तिच्या साध्या रूपात कृष्णाचं रूप विरघळत जातं. असं करून फाळके सांगतात की ही माझी मुलगी आहे आणि आता ती कृष्ण होणार आहे. पुढे लोण्याची चोरी आहे, पाणी उडवणाऱ्या बाईचा सूड आहे, रात्री एका धनिक जोडप्याच्या खोलीत शिरून केलेली खोडी आहे. गौळणी आणि पेंद्या ज्यांच्या कानांवर लहानपणापासून पडलेले आहेत त्या प्रेक्षकाला काही समजवावं लागलं नाही. फ्रेंच प्रेक्षकाला चित्रपत्रातला माळी जसा ठाऊक होता, तसाच इथे लोणीचोर. फरक असा की आपल्याकडे खोडी काढणारा देव आहे, म्हणून कानाला धरून मार देण्याचा प्रश्न वेगळ्या तऱ्हेने सुटतो: तक्रार होते, रागवणं होतं, आणि शेवटी सगळं गाव त्याच्यासाठी यमुनेच्या काठावर रडत उभं असतं. या चित्रपटाचा मोठा भाग वाचलेला आहे. आपल्याकडे १,३०० हून अधिक मूकपट निघाले आणि त्यांतले मूठभरच उरले, हे लक्षात घेतलं म्हणजे त्याची किंमत कळते.

मधल्या पाट्यांबद्दल थोडं. इंग्रजी किंवा फ्रेंच पाटी आली की कोणीतरी मराठीतून मोठ्याने वाचावी. आपल्या थिएटरांतही वाचता येणारा शेजाऱ्यांना वाचून दाखवीत असे. मराठी वाक्य पाटी जाण्याच्या आत संपलं पाहिजे, म्हणून आधी लिहून काढा. सहा सेकंदांच्या पाटीला दहा-बारा शब्दांपेक्षा जास्त नकोत. पाटीवर नसलेलं बोलू नका. ‘आता बघा हं, तो पाय देणार’ असं कोणी बोललं की मुलाने स्वतः शोधायची गोष्ट त्याच्या हातून काढून घेतली जाते.

संगीतासाठी पेटी आणि तबला पुरे. आपल्या मूकपटांना तीच साथ होती. वाजवणाऱ्याने चित्रपट निदान दोनदा आधी पाहावा. तयारी चालू असताना साधा ठेका धरावा, माळी नळीत डोकावतो तिथे तबला थांबवावा आणि फवारा उडाल्यावर पुन्हा सुरू करावा. फवाऱ्यासाठी वेगळा आवाज काढायची गरज नाही. फटके बसतात तेव्हा तर थाप मुळीच जुळवू नये. मार संगीतात बसवला की तो मार वाटत नाही. आणि फटके कापून टाकू नका. ते कापले की पोरगा जिंकतो आणि माळी नुसता हास्यास्पद ठरतो. ते ठेवले तर भिजलेला माणूस पुन्हा कामाला लागलेला दिसतो, आणि मुलं त्याच्याबद्दल प्रश्न विचारतात. मारणं बरोबर की चूक, यावरचं बोलणं खेळानंतर करावं.

हक्कांची चिंता बहुतेक आयोजकांना असते. १९५७ च्या आपल्या कायद्याप्रमाणे चित्रपटाचा हक्क प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षाच्या सुरुवातीपासून ६० वर्षं टिकतो, म्हणजे वर सांगितलेले सगळे मूळ चित्रपट मोकळे आहेत. पण प्रतीवर नंतर चढवलेलं नवं संगीत मोकळं नसतं. म्हणून आवाज बंद करून स्वतःची साथ घेणं सगळ्याच दृष्टींनी सोयीचं. कोणाच्या घरी जुन्या रिळांचे डबे सापडले तर ते यंत्रावर चढवू नका, उन्हात तर ठेवूच नका. १९५० च्या आधीच्या पट्ट्या नायट्रेटच्या असू शकतात. त्या पेटल्या की पाण्यानेही विझत नाहीत. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवावं.

एका खेळाला पाऊण ते सव्वा तास पुरे. माळ्याचा चित्रपट सुरुवातीला दोनदा लावा: पहिल्यांदा नुसता, दुसऱ्यांदा ‘पोराच्या पायाकडे बघा’ एवढंच सांगून. नंतर पीठवाला, मेरी जेन, फ्रेंच पोरं आणि शर्यत लावून दहा मिनिटं थांबा, आणि मध्यंतरानंतर ‘कालिया मर्दन’चा खोड्यांचा भाग किंवा ‘द किड’चा काही भाग. दोन्ही एकाच दिवशी घेऊ नका. लहान मुलं थकतात आणि दुसऱ्याच्या वेळी उठून पळायला लागतात.

संग्रहालयाला आपल्या वृत्तपत्रामार्फत एक विनंती आहे. ‘कालिया मर्दन’ची बरोबर वेगाची, पूर्ण चौकटीची आणि मराठी पाट्यांची एक प्रत शाळा व वाचनालयांना मागितल्यावर मिळेल अशी सोय करावी. पाट्यांचं मराठी करण्याचं आणि शाळांतून साथ देणारे तयार करण्याचं काम आम्ही विनामूल्य करू.

आपले,
मूकपटांचे खेळ लावणारे काही चित्रपटप्रेमी, पुणे